कांद्याच्या भावाचा आलेख, मराठी अक्षरांत

‘कांदा’ असं शीर्षक दिलं, तर मॅटप्लॉटलिबने, म्हणजे पायथॉन या प्रोग्रामिंगच्या भाषेतल्या आलेख काढायच्या साधनाने, आलेखाच्या डोक्यावर पाच रिकामे चौकोन काढले आणि खाली सूचना दिली, की २३२५ क्रमांकाचं चिन्ह डेजाव्हू सॅन्स या फॉन्टमध्ये नाही. २३२५ म्हणजे आपला क, युनिकोड या संगणकातल्या अक्षरांच्या यादीतला त्याचा नंबर. क, काना, अनुस्वार, द, काना: पाच चिन्हं, पाच चौकोन. हिशेब चोख, वाचायला मात्र काही नाही.

मी नाशिकमध्ये एका शेतकरी उत्पादक कंपनीचं हिशेबाचं आणि आकडेवारीचं काम बघते. सभासद बहुतेक निफाड, चांदवड, येवला तालुक्यांतले, माझे मामा त्यांतलेच एक. आजचा भाव सगळ्यांना मोबाईलवर मिळतोच. सभासदांना हवा होता मागच्या काही वर्षांचा चढउतार एका कागदावर, कांदा साठवायच्या चाळीच्या खांबाला अडकवता येईल असा. एक्सेलमध्ये हे होतं, आणि तिथे मराठी अक्षरं बिनबोभाट उमटतात. पण लासलगाव, विंचूर, पिंपळगाव, येवला, चांदवड असे वेगवेगळे बाजार, त्यात उन्हाळ आणि लाल कांदा वेगळे, आणि दर महिन्याला सगळं नव्याने. माऊसने तेच तेच करत बसण्यापेक्षा पायथॉनमध्ये एकदा लिहून ठेवावं, असं ठरवलं. पांडाज या पायथॉनच्या जोडभागात तक्ते जुळवायची सवय होती. आलेख काढायला मॅटप्लॉटलिब घेतलं.

हे मॅटप्लॉटलिब जॉन हंटर या मज्जाशास्त्राच्या संशोधकाने सुरू केलं. अपस्माराच्या रुग्णांच्या मेंदूतले विद्युतसंकेत तपासायला त्याला साधन हवं होतं. पहिली आवृत्ती २००३ची, आणि २०१२मध्ये तो गेला. मॅटलॅब हे गणिताचं सॉफ्टवेअर वापरणाऱ्यांना ओळखीचं वाटावं म्हणून त्याने आज्ञा तशाच ठेवल्या होत्या, त्यामुळे आजही तिथे कामाच्या दोन तऱ्हा आहेत. एक पायप्लॉटची: ‘प्लॉट’ म्हणा, ‘टायटल’ म्हणा, जो आलेख सध्या चालू असेल त्याला ते लागतं. दुसरी म्हणजे ‘सबप्लॉट्स’ला सांगून फिगर आणि ॲक्सेस हातात घ्यायचे आणि जे काय सांगायचं ते त्या ॲक्सेसला सांगायचं. फिगर म्हणजे अख्खा कागद, ॲक्सेस म्हणजे त्यावरची एक चौकट, तिच्या रेघा, अक्ष, अक्षरं सगळं धरून. इंटरनेटवरची उत्तरं दोन्ही तऱ्हा एकात एक कालवून देतात, आणि नवख्याचा निम्मा गोंधळ तिथेच होतो. कागदावर एकापेक्षा जास्त चौकटी येणार असतील तर पहिल्या दिवसापासून दुसरी तऱ्हाच धरावी, असं माझं स्पष्ट मत आहे.

चौकोन तसेच राहू दिले आणि आधी आकृतीकडे वळले.

पहिली रेघ काढली ती लासलगावच्या सर्वसाधारण भावाची. सगळा आलेख तळाला चिकटलेला आणि मध्येच एक सुळका आभाळात. कुठल्यातरी टप्प्यावर टायपिंगमध्ये एक शून्य जास्त पडलं होतं. तक्त्यात अशा ओळीवरून नजर सरकून जाते, आलेखात लपायला जागाच नसते. तेवढं एक दुरुस्त झाल्यावर मॅटप्लॉटलिबने आपल्या मनाने वाय-अक्ष बेतला: सगळ्यात कमी भाव तळाशी, सगळ्यात जास्त वर, आणि दोन्हीकडे पाच टक्के मोकळी जागा. एखाद्या शांत महिन्याचा आलेख असा काढला की क्विंटलमागे पन्नास-शंभर रुपयांची घसरणही कडा कोसळल्यासारखी दिसते. चाळीत माल ठेवून बसलेल्या माणसाला असा कागद दाखवणं बरं नाही. ‘सेट-वायलिम’ला तळ शून्य दिला. आकड्यांच्या कागदात आपण घाबरवणारही नाही आणि भुलवणारही नाही, एवढं पथ्य मी पाळलं.

तो आलेख मामांना दाखवला. त्यांनी चष्मा चढवून बराच वेळ पाहिला आणि म्हणाले, “ही रेघ कुणाच्या मालाची गं?” मी म्हटलं, मामा, सरासरी भावाची. “सरासरी भाव कुणाच्याच ट्रॉलीला लागत नसतो. माझ्या मालाला वरचा लागतो, नाहीतर भिजला तर खालचा.”

यावर काय बोलणार? बाजार समितीच्या रोजच्या नोंदीत किमान, कमाल आणि सर्वसाधारण असे तीन भाव असतात. किमान भाव म्हणजे बहुतेकदा गोल्टी (बारीक कांदा) किंवा खाद (खराब माल), कमाल म्हणजे निवडक, गोळा, सुकलेला, पत्ती टिकवून असलेला माल. एकाच सकाळी, एकाच आवारात दोन ट्रॉल्यांच्या भावात केवढा तरी फरक पडतो. माझ्या एका रेघेने तो सगळा गिळून टाकला होता. मग ‘फिल-बिटवीन’ वापरलं: किमान आणि कमाल यांच्यामधली जागा फिकट रंगाने भरायची आणि सर्वसाधारण भावाची रेघ त्यातून काढायची. ‘अल्फा’ म्हणजे रंगाची अपारदर्शकता. ती पाव भागाच्या आसपास ठेवली तर पट्टा दिसतो आणि मागच्या आडव्या रेषाही दिसतात.

पट्टा आल्यावर आलेख एकदम बोलका झाला. रेघ महिनाभर सपाट आहे, पण पट्टा रुंदावत चाललाय, म्हणजे चांगल्या आणि खराब मालातली दरी वाढतेय. पावसाळ्यात साठवलेला कांदा सडायला, कोंब यायला लागतो तेव्हा हे असंच व्हायचं. सभासद हल्ली रेघेआधी पट्ट्याकडे बघतात.

पुढची भानगड सुट्ट्यांची. मॅटप्लॉटलिब दोन बिंदू दिले की ते सरळ जोडतं. दिवाळीत बाजार बंद, अधूनमधून व्यापाऱ्यांचा किंवा हमालांचा बंद; ऑगस्ट २०२३मध्ये निर्यातशुल्काच्या निषेधात जिल्ह्यातले लिलाव थांबले होते. त्या दिवसांत भाव निघालाच नव्हता, तरी आलेखात छान तिरकी रेघ, जणू भाव रोज थोडा थोडा सरकत होता. उपाय सोपा: पांडाजमध्ये तारखांचं पूर्ण कॅलेंडर मांडायचं, ज्या दिवसाची नोंद नाही तिथे रिकामी किंमत राहू द्यायची, रिकामी किंमत आली की मॅटप्लॉटलिब रेघ तोडतं. पण मग दर रविवारी रेघ तुटायला लागली, आणि आलेख उंदराने कुरतडल्यासारखा दिसू लागला. शेवटी कॅलेंडरच सोमवार ते शनिवारचं केलं. रविवार यादीतच नाही, त्यामुळे शनिवारचा बिंदू थेट सोमवाराला जोडला जातो, आणि खरोखरचा बंद असला तरच खिंडार पडतं. दोन बंदांच्या मध्ये एकच दिवस बाजार भरला असेल, तर तो बिंदू मात्र गायब होतो, कारण एका बिंदूची रेघ होत नाही. तिथे बारीक ठिपका द्यावा लागला.

आवकही दाखवायची होती. ‘ट्विनएक्स’ नावाची सोय आहे: डावीकडे भावाचा अक्ष, उजवीकडे आवकेचा, दोन्ही रेघा एकाच चौकटीत. दिसायला भारी. पण दोन रेघा जिथे एकमेकींना छेदतात तिथे सगळ्यांची बोटं जातात, “इथं काय झालं?” म्हणून. तिथे काहीच झालेलं नसतं. उजव्या अक्षाची उंची थोडी बदलली की छेद दुसरीकडे सरकतो. ज्या आलेखात माझ्या मर्जीने गोष्ट बदलते तो मला नको होता. दोन चौकटी एकाखाली एक ठेवल्या, वरची भावाची, तिप्पट उंच. खालची आवकेची, उभ्या खांबांची. तारखांचा अक्ष दोघींना सामाईक. उंचीचं प्रमाण ‘हाइट-रेशोज’मध्ये देता येतं.

मग आल्या सरकारी निर्णयांच्या तारखा. आमच्याकडे भावाचा विषय निघाला की पाच मिनिटांत निर्यातबंदीवर जातो, त्यामुळे या तारखा नसलेला आलेख कुणी हातात धरला नसता. १९ ऑगस्ट २०२३ला ४० टक्के निर्यातशुल्क. ऑक्टोबरअखेरीस टनामागे ८०० डॉलर किमान निर्यातमूल्य, म्हणजे त्याहून कमी भावाने माल बाहेर पाठवता येत नाही. ८ डिसेंबर २०२३ला सरळ निर्यातबंदी. ४ मे २०२४ला बंदी उठली, पण ५५० डॉलरचं निर्यातमूल्य आणि ४० टक्के शुल्क राहिलं. १३ सप्टेंबर २०२४ला निर्यातमूल्य गेलं, शुल्क २० टक्क्यांवर आलं. १ एप्रिल २०२५पासून तेही शून्य. प्रत्येक तारखेला ‘एक्सव्हीलाइन’ने उभी तुटक रेघ मारली आणि शेजारी मजकूर. ऑगस्ट ते डिसेंबर २०२३ इतकी गर्दी, की मजकूर एकावर एक. इथे एक युक्ती फार उपयोगी पडली: मजकुराची आडवी जागा तारखेने सांगायची आणि उभी जागा चौकटीच्या उंचीच्या हिश्श्याने, म्हणजे ‘वरून दहावा भाग’, ‘वरून पाचवा भाग’ अशी. वाय-अक्ष उद्या बदलला तरी अक्षरं आपापल्या पायरीवर राहतात.

या उभ्या रेघांबद्दल मात्र मी अजूनही साशंक असते. डिसेंबर २०२३मध्ये बंदीनंतर भाव पडला, हे खरंच. पण त्याच सुमाराला दरवर्षी खरिपाच्या लाल कांद्याची आवकही वाढत असते. आलेखावर रेघ मारली की तिच्या उजवीकडे जे झालं ते सगळं तिच्यामुळेच झालं, असं डोळ्याला वाटतं. खालची आवकेची चौकट ठेवायचं हेही एक कारण. बंदीमुळे किती पडला आणि आवकेमुळे किती, हे हा कागद सांगत नाही, आणि बैठकीत कुणी त्यावरून भाषण सुरू केलं की मी तसं बोलून दाखवते. ते फारसं कुणाला आवडत नाही.

वर्षावर्षांची तुलना करायला दुसरा आलेख वेगळा करावा लागला. त्यात सगळी वर्षं एकावर एक, चालू वर्ष गडद, मागची करडी. वर्ष मात्र जानेवारीपासून सुरू केलं नाही. उन्हाळ कांदा मार्च ते मे निघतो, चाळीत जातो, आणि दिवाळीच्या आगेमागेपर्यंत विकला जातो. मग लाल, मग उशिराच्या खरिपाचा रांगडा. जानेवारीत कात्री लावली तर लाल कांद्याचा हंगाम मधोमध कापला जातो. म्हणून अक्ष एप्रिल ते मार्च. हिशेबवाल्यांना हे वर्ष तसंही पाठ असतं. वर्षांची नावं कोपऱ्यातल्या लेजंडमध्ये, म्हणजे रंगांच्या यादीत, न ठेवता प्रत्येक रेघेच्या उजव्या टोकाला लिहिली, कारण कोपऱ्यातला रंग बघून पुन्हा रेघ शोधत जायचा कंटाळा मला स्वतःलाच येतो.

आता त्या चौकोनांकडे. देवनागरी फॉन्ट दिला की चौकोन जातात, हे कुठेही वाचायला मिळतं, आणि ते जातातही. त्यानंतर जे दिसतं त्याबद्दल फार कमी जण लिहितात. माझ्या आलेखाच्या माथ्यावर नाशिक जिल्ह्याचं ‘नाशकि’ झालं होतं. ‘क्विंटल’चा क पायमोडका राहिला आणि वेलांटी पुढच्या ट वर जाऊन बसली. ‘निर्यात’चा रफार उतरून र आणि य वेगळे झाले. कारण असं, की ऱ्हस्व वेलांटी साठवली जाते अक्षरानंतर आणि दिसायला हवी अक्षराआधी. ही मागेपुढे करायची, जोडाक्षर जुळवायची जबाबदारी वेगळ्या यंत्रणेची असते. माझ्या मशीनवरचं मॅटप्लॉटलिब ती न वापरता एकेक चिन्ह ओळीने मांडत होतं. फॉन्ट कितीही चांगला असो, फरक शून्य. फॉन्ट बदलून बदलून बघण्यात एक अख्खी संध्याकाळ घालवू नका, एवढंच सांगते.

एमपीएलकैरो नावाचा जोडभाग हे काम करतो, पण ऑफिसच्या जुन्या विंडोज मशीनवर नवं काही बसवायची मला हौस नव्हती. मी एसव्हीजी या रेखाचित्रांच्या फाइल-प्रकाराचा रस्ता धरला. मॅटप्लॉटलिब एसव्हीजी फाइल लिहिताना एरवी प्रत्येक अक्षराची आकृती काढून ठेवतं, म्हणजे चूकही कोरली जाते. ‘आरसीपॅराम्स’ या सेटिंगच्या यादीत ‘एसव्हीजी डॉट फॉन्टटाइप’ला ‘नन’ असं दिलं, की फाइलमध्ये अक्षरं अक्षरं म्हणूनच जातात, आणि ती जुळवायचं काम फाइल उघडणाऱ्यावर पडतं. ब्राउझर ते बरोबर करतो, इंकस्केप हे चित्रं काढायचं सॉफ्टवेअरही करतं. इंकस्केपला कमांडवरूनच पीएनजी काढायला सांगता येतं, त्यामुळे सगळ्या बाजारांचे आलेख एका झटक्यात निघतात. फॉन्ट त्या मशीनवर बसवलेला हवा, एवढी अट.

या रस्त्यावरही खड्डे आहेत. मजकुराची रुंदी मॅटप्लॉटलिब आपल्याच मापाने, न जुळवलेल्या अक्षरांवरून काढतं. मजकुरामागे पांढरी चौकट दिली, तर ‘निर्यातशुल्क’सारख्या शब्दाला ती चौकट मापाबाहेर रुंद होते. मग वाटलं, चौकटीऐवजी अक्षरांभोवती पांढरी कड द्यावी. ‘पाथ-इफेक्ट्स’ने ती देता येते, पण कड देण्यासाठी अक्षराची परत आकृती होते आणि वेलांटी पुन्हा पळते. दोन्ही सोडलं आणि मजकूर रिकाम्या जागी हलवला.

फॉन्टबद्दल माझा हट्ट वेगळा होता. बरेच देवनागरी फॉन्ट ल आणि श हिंदी वळणाचे काढतात. ‘लासलगाव’मध्ये दोन ल आणि ‘नाशिक’मध्ये श, आमचा तर पत्ताच त्यात. तिरो देवनागरी मराठी या फॉन्टमध्ये दोन्ही आपल्या वळणाचे आहेत. त्यात ठळक वजन नाही, म्हणून शीर्षक ठळक करण्याऐवजी मोठं केलं. आकड्यांसाठी ‘फंकफॉर्मॅटर’ला छोटं फंक्शन दिलं: इंग्रजी आकडे मराठीत बदलायचे आणि स्वल्पविराम लाखाच्या पद्धतीने टाकायचे, कारण पायथॉन एरवी तीन-तीन अंकांवर तोडतं आणि एक लाख क्विंटल आवक वाचताना माणूस अडखळतो. महिन्यांची नावं मी हाताने लिहिलेल्या यादीतून घेतली. संगणकाच्या भाषा-सेटिंगवर विसंबलं तर प्रत्येक मशीनवर वेगळं दिसतं.

आकाराचं गणित समजलं आणि बरीच चिडचिड संपली. अक्षरांचा आकार पॉइंटमध्ये, म्हणजे इंचाचा बहात्तरावा भाग, आणि फिगर इंचांत. फिगर मोठी केली तर कागद वाढतो, अक्षरं तेवढीच राहतात, म्हणजे मोबाईलवर ती मुंगीएवढी दिसतात. डीपीआय, म्हणजे इंचामागचे ठिपके, वाढवला तर सगळं सारख्या प्रमाणात बारकाईने निघतं. मोबाईलसाठी उभी, छोटी फिगर आणि जास्त डीपीआय; खांबावर लावायला ए-थ्री, म्हणजे साधारण ११.७ बाय १६.५ इंच, आणि अक्षरं त्या मानाने मोठी. शालिमारजवळच्या झेरॉक्सवाल्याने पहिली प्रत काळीपांढरी काढून दिली, तेव्हा मॅटप्लॉटलिबची ठरावीक निळी, हिरवी आणि लाल रेघ जवळपास एकाच करड्या छटेची झाली होती. तेव्हापासून रेघ ओळखायला रंगाबरोबर जाडी आणि तुटकपणाही देते. हे सगळं एका स्टाइल फाइलमध्ये ठेवलंय, एका ओळीत ते प्रत्येक आलेखाला लागू होतं.

खर्चाची आडवी रेघ टाका, ही मागणी सुरुवातीपासून होती. ‘एक्सएचलाइन’ने ती टाकणं एका ओळीचं काम. पण आकडा कुणाचा? विहिरीवाल्याचा खर्च वेगळा, टँकरवाल्याचा वेगळा, घरची माणसं राबतात त्याचा आणखी वेगळा. बैठकीत दोन शेजाऱ्यांचंही जुळेना. मी रेघ टाकली नाही. दर पाचशे रुपयांवर फिकट आडव्या रेषा आहेत, ज्याने त्याने आपली रेघ पेन्सिलने मारावी.

घटीचं मात्र करून दिलं. मे महिन्यात चाळीत टाकलेला क्विंटल सप्टेंबरात क्विंटल राहत नाही. सुकतो, सडतो, कोंबतो. भाव चढलेला दिसतो, पण वजन उतरलेलं आलेखात कुठे असतं? आता प्रोग्रामच्या सुरुवातीला घटीचा आकडा भरायची जागा आहे. सभासदाने आपल्या चाळीचा अंदाज सांगितला, की भावाच्या रेघेखाली त्याच्या उरलेल्या मालाच्या किमतीची तुटक रेघ येते, आणि त्याला त्याचा स्वतःचा कागद मिळतो. काहींच्या कागदावर ती रेघ मेपासून आडवीच राहते.

पुढचं काम पिंपळगावच्या टोमॅटोचं. तिथे भाव वीस किलोच्या क्रेटवर बोलला जातो, तेव्हा वाय-अक्षाचं एकक आधी बदलावं लागेल.